सीधा हात आणि सरळ रस्ता : गाडीतल्या जुन्या वाटाड्याची गोष्ट

धर्मापुरी नावाची किमान तीन गावं आपल्या देशात आहेत. एक तामिळनाडूत, जिल्ह्याचं ठिकाण. दुसरी तेलंगणात, गोदावरीकाठी, नरसिंहाच्या देवळासाठी ओळखली जाणारी. तिसरी आमची, बीड जिल्ह्यातली, किल्ल्याची आणि केदारेश्वराच्या चालुक्यकालीन देवळाची. गाडीच्या काचेला चिकटवायच्या जुन्या जीपीएस यंत्राला नुसतं ‘धर्मापुरी’ सांगितलं, की ते बिनदिक्कत तामिळनाडूची वाट धरतं. त्यात त्याचा दोष नाही. ज्याने नकाशा भरला त्याला मोठं गाव आधी दिसलं.

आता खिशातल्या फोनने ही यंत्रं अडगळीत टाकली. पण २००५ ते २०१५ या दहाएक वर्षांत चार-पाच इंची पडद्याची ही चपटी डबी ज्यांच्या गाडीत होती, त्यांच्यातल्या हौशी लोकांनी एक काम मन लावून केलं. यंत्राचं तोंड बदलणं. पडद्यावरचे रंग, बटणांची जागा, गाडीचं चित्र, बोलणारा आवाज, आणि मला सगळ्यात महत्त्वाची वाटते ती गोष्ट म्हणजे यंत्राची भाषा. मी उर्दू आणि मराठी शिकवणारा माणूस. यंत्रातल्या तारांशी माझा संबंध नाही, शब्दांशी आहे. म्हणून हा इतिहास शब्दांच्या बाजूने सांगतो.

वाट दाखवणारं यंत्र आपल्या मुलखापुरतं जुळवून घ्यायचं, ही कल्पना फार जुनी आहे. उस्तुरलाब, म्हणजे पितळी तबकडीचं खगोलयंत्र, आठवा. त्याच्या मुख्य चौकटीला अरबीत ‘उम्म’ म्हणतात, म्हणजे आई. तिच्या पोटात पातळ चकत्या बसवतात, त्या ‘सफीहा’. वर ताऱ्यांची नक्षीदार जाळी, तिला ‘अनकबूत’ म्हणजे कोळी. गंमत त्या सफीह्यांमध्ये आहे. प्रत्येक चकती एका ठराविक अक्षांशासाठी कोरलेली असे. दिल्लीची चकती दख्खनमध्ये चालत नाही, कारण इथून आकाश वेगळ्या कलाने दिसतं. माणूस मुलूख बदलला की आईच्या पोटातली चकती बदलायचा. सोळाव्या-सतराव्या शतकात लाहोरच्या उस्ताद अल्लाहदाद यांच्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या अशी यंत्रं घडवली. त्यांतल्या अनेकांच्या आतल्या बाजूला शहरांची नावं आणि त्यांचे अक्षांश-रेखांश कोरलेले असत. गिऱ्हाईक कुठल्या मुलखात फिरणार यावर चकत्या ठरत. संस्कृतातही हे ज्ञान आलं होतं. फिरोजशहा तुघलकाच्या काळात, १३७० मध्ये, महेंद्र सूरी या जैन पंडिताने ‘यंत्रराज’ हा ग्रंथ याच यंत्रावर लिहिला.

आमच्या भागाचाही यात एक अर्धवट राहिलेला वाटा आहे. बहमनी सुलतान फिरोजशहाने १४०७ मध्ये दौलताबादजवळ घाटमाथ्यावर वेधशाळा बांधायला घेतली, असं फिरिश्ता लिहितो. हकीम हसन गिलानी हे त्या कामातले जाणकार. ते वारले आणि काम थांबलं ते थांबलंच. समरकंदला उलुग बेगची वेधशाळा उभी राहिली ती यानंतर. मराठवाड्याने ही संधी थोडक्यात घालवली, असं मला नेहमी वाटतं. (मुलांना हे सांगितलं की ती विचारतात, मग पुढे कुणी का नाही केलं? प्रश्न बरोबर आहे.)

चकती बदलण्याची ही युक्ती मोटारगाडीच्या काळातही टिकली. अमेरिकेत १९०९ मध्ये जोन्स नावाच्या गृहस्थाने ‘लाइव्ह मॅप’ बाजारात आणला. कागदी तबकडीवर एका रस्त्याच्या खुणा छापलेल्या आणि तबकडी गाडीच्या चाकाला जोडलेली. गाडी चालेल तशी तबकडी फिरायची. दुसऱ्या रस्त्याला लागलात की दुसरी तबकडी घाला. जपानच्या होंडाने १९८१ मध्ये ‘इलेक्ट्रो जायरोकेटर’ काढलं, त्यात पडद्यावर पारदर्शक नकाशाचा कागद सरकवावा लागे. उपग्रहाचा यात काहीच संबंध नव्हता, आत गाडीचं वळणं मोजणारं जायरो होतं.

मग १९८५ मध्ये कॅलिफोर्नियात ‘एटॅक’ आलं. याचा नकाशा चक्क कॅसेटवर. गाण्याची असते तशीच कॅसेट, मुलूख बदलला की कॅसेट बदला. पण एटॅकने एक गोष्ट अशी केली की जिचा ठसा आजही तुमच्या फोनवर आहे. पडद्यावर गाडी जागेवर थांबलेली आणि नकाशा तिच्याभोवती फिरतो. ‘एटॅक’ हा शब्दच प्रशांत महासागरातल्या दर्यावर्दींचा. ते होडी स्थिर मानतात आणि बेटं मागे सरकतात असं समजून अंतर मोजतात. म्हणजे पडद्याची मांडणी आधी एका समाजाच्या समजुतीत होती, यंत्रात ती नंतर आली.

उपग्रहाची हकीकत आता बहुतेकांना माहीत आहे, म्हणून थोडक्यात. अमेरिकी लष्कराचा पहिला जीपीएस उपग्रह १९७८ मध्ये गेला. १ सप्टेंबर १९८३ रोजी सोव्हिएत हद्दीत भरकटलेलं कोरियाचं प्रवासी विमान पाडलं गेलं, त्यानंतर ही व्यवस्था सामान्यांसाठी खुली ठेवण्याची घोषणा झाली. १९९५ मध्ये ती पूर्ण उभी राहिली. तरी सामान्यांच्या संकेतात मुद्दाम सुमारे १०० मीटरची चूक घातलेली असे, ती २ मे २००० रोजी काढून टाकली. गाडीत वाट दाखवायला हे यंत्र खऱ्या अर्थाने उपयोगी झालं ते त्या दिवसापासून. १०० मीटरची चूक म्हणजे अंबाजोगाईच्या बाजारात तुम्ही एका गल्लीत आणि यंत्र तिसऱ्या.

भारतात अडचण वेगळी होती. उपग्रह डोक्यावर होते, नकाशे कुलपात होते. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणाने लष्कराचे आणि जनतेचे नकाशे वेगळे केले. सगळ्यांसाठी मोकळीक मिळाली ती २०२१ मध्ये. मधल्या काळात दिल्लीच्या सीई इन्फो सिस्टिम्सने, म्हणजे मॅपमायइंडियाने, स्वतः रस्ते फिरून नकाशे केले आणि गाडीतली यंत्रं विकली. गार्मिन, टॉमटॉम, मिओ ही बाहेरची नावंही आली. आमच्याकडे तर ही यंत्रं दुकानातून कमी आणि आखातातून आलेल्या पाहुण्यांच्या बॅगेतून जास्त आली. रियाधला किंवा जेद्दाहला ड्रायव्हर असलेला माणूस सुट्टीवर येताना खजूर, अत्तर, चादर आणि ही डबी आणायचा. आत नकाशा सौदीचा आणि आवाज अरबी बाईचा.

आता तोंड बदलण्याच्या खटपटीकडे येतो.

गार्मिनच्या नुवी या यंत्रांत हे सगळ्यात सोपं. यंत्र वायरने संगणकाला जोडलं की ते पेन ड्राइव्हसारखं उघडतं. आत ‘टेक्स्ट’ नावाचं कप्पं, त्यात प्रत्येक भाषेची एक फाईल. ती साध्या नोटपॅडमध्ये उघडते. एका बाजूला यंत्राची खूण, दुसऱ्या बाजूला पडद्यावर दिसणारा शब्द. शब्द बदला, फाईल जपून ठेवा, यंत्र तुमच्या भाषेत बोलू लागतं. त्याच घराण्यातल्या यंत्रांत ‘स्टार्टअप’ नावाची एक मजकुराची फाईल असे. यंत्र चालू होताना चार-दोन सेकंद तिच्यातला मजकूर दिसायचा. लोक तिथे आपलं नाव, फोन नंबर घालत, चोरी झाली तर परत मिळावं म्हणून. आमच्याकडच्या एका ट्रॅक्स चालकाने तिथे ‘बिस्मिल्लाह’ घातलं होतं, दुसऱ्याने ‘वैजनाथ प्रसन्न’. गाडीच्या पुढच्या काचेवर जे रंगवतात तेच.

टॉमटॉमने २००७ मध्ये स्वतःचा आवाज भरण्याची आणि नकाशातली चूक स्वतः दुरुस्त करण्याची सोय यंत्रातच दिली. पुढे त्यांनी होमर सिम्प्सन या अमेरिकी व्यंगपात्राचा आवाजही विकला. तिसरी जात विंडोज सीई या छोट्या प्रणालीवर चालणाऱ्या डब्यांची. त्यांच्यात बुडापेस्टच्या कंपनीचं ‘आयगो’ फार चाले. सगळं कार्डावर. नकाशाचं कप्पं, आवाजाचं, भाषेचं, पडद्याच्या कपड्याचं. आणि ‘सिस’ नावाची एक मजकुराची फाईल, जिच्यात ओळीओळीने यंत्राला काय कसं दाखवायचं ते लिहिता येई. चार-सव्वाचार इंची पडदा बहुधा ४८० बाय २७२ ठिपक्यांचा असे. मोठ्या पडद्यासाठी शिवलेला कपडा त्यावर चढवला की बटणं कडेबाहेर जात. दर्जीकामच हे.

माझ्याकडची डबी या तिसऱ्या जातीची. तिच्यावरचा प्रयोग माझ्यासाठी नव्हता. माझा एक जुना विद्यार्थी ट्रकवर आहे, दिवाळीनंतर ऊसतोडीच्या टोळ्या घेऊन पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातो. आठवीपर्यंत उर्दू माध्यमात शिकला, मग शाळा सुटली. उर्दू वाचतो, मराठी सावकाश वाचतो, इंग्रजी अक्षरं गाड्यांच्या पाट्यांवरून ओळखतो. रात्री ट्रकमागे चाळीस माणसं, त्यांत बाळंतीण बाई आणि तान्ही पोरं. फाटा चुकला की ट्रक मागे घ्यायला जागा नसते. यंत्राने काय सांगितलं हे त्याला त्या क्षणी कळलं पाहिजे.

पहिला विचार उर्दूचा. यंत्रात अरबी होती, उजवीकडून डावीकडे लिहायची सोय होती. पण अरबी लिपीच्या त्या टंकात आपली टे, डाल, ड़े नव्हती, नून-गुन्ना आणि बडी ये नव्हती. ‘घाट’ लिहायला गेलं की मधेच रिकामी चौकट. शिवाय नस्तालीकवर वाढलेल्या डोळ्याला ती ठोकळेबाज नस्ख अक्षरं गाडी चालवताना पटकन लागत नाहीत.

मग देवनागरी. टंक कार्डावर घालता येतो, अक्षरंही दिसतात. पण अक्षर दिसणं वेगळं आणि जुळणं वेगळं. या जुन्या डब्यांना देवनागरीची जुळणी येत नव्हती. पहिली वेलांटी अक्षराच्या आधी यायची ती मागे लागे, जोडाक्षराचे पाय मोडून हलन्त उरे. ‘दक्षिण’ असा शब्द वाचवत नसे. ज्यांनी पहिलीच्या मुलांना वेलांटी शिकवली आहे त्यांना हा त्रास लगेच समजेल.

उरली रोमन लिपी. इंग्रजी अक्षरांत उर्दू-मराठी. मला हे आधी कमीपणाचं वाटे. पण याचाही इतिहास आहे. ब्रिटिश हिंदी फौजेत शिपायांसाठी रोमन उर्दू अधिकृतपणे चालत होती, त्यात पुस्तकं निघत, परीक्षा होत. वेगवेगळ्या लिप्यांची माणसं एका हुकुमावर चालवायची असली की राज्यकर्त्यांना ही लिपी सोयीची वाटे. आमच्या यंत्राने आम्हाला तीच गरज दाखवली. मग इंग्रजी भाषेच्या फाईलची एक प्रत घेऊन शब्द बदलत गेलो. ‘सेटिंग’ला सेटिंगच ठेवलं, तो शब्द आता आपला आहे. ‘रीकॅल्क्युलेटिंग’च्या जागी ‘थांब, दुसरी वाट बघतो’. ‘डेस्टिनेशन’ला ‘मुक्काम’. हा शब्द उर्दूत आणि मराठीत एकच, दोघांनाही कळणारा. ‘फेव्हरिट’ला ‘नेहमीचे’. असे शब्द शोधताना ध्यानात आलं की प्रवासाची आपली जवळजवळ सगळी शब्दसंपत्ती सामायिक आहे. मंजिल, मुक्काम, सफर, सराई, पडाव, कोस, घाट, फाटा. भांडायला जागाच नाही.

खरी परीक्षा आवाजाची होती.

यंत्र पूर्ण वाक्य बोलत नाही. तुकडे जोडतं. इंग्रजीत पहिला तुकडा ‘इन’, मग ‘टू हंड्रेड’, मग ‘मीटर्स’, मग ‘टर्न लेफ्ट’. मराठीत हा क्रम थोडासा मोडतो. ‘दोनशे मीटरवर डावीकडे वळा’ यात ‘इन’चं काम मीटरला चिकटलेला ‘वर’ करतो. म्हणून ‘इन’च्या जागी अर्धा सेकंद शांतता भरली आणि ‘मीटर्स’च्या जागी ‘मीटरवर’. पण तोच तुकडा यंत्र दुसऱ्या वाक्यातही वापरतं, नुसतं अंतर सांगताना. तिथे ‘आठशे मीटरवर’ एवढं बोलून ते गप्प बसे, जणू पुढचं सांगायचं विसरलं. विभक्ती प्रत्यय शिकवताना यापेक्षा चांगलं उदाहरण मला मिळालेलं नाही. दीड आणि अडीच तर बसवताच आले नाहीत. यंत्र ‘एक दशांश पाच’ असे तुकडे जोडतं. आपला माणूस रस्त्यावर असं कधीच बोलत नाही.

आणि मग सीधा हात. आमच्या दखनी बोलीत उजव्या हाताला सीधा हात म्हणतात, डाव्याला उलटा. ‘सीधे हात कू मुडो’ म्हणजे उजवीकडे वळा. ‘सीधे जाओ’ म्हणजे सरळ जा. खडखडणाऱ्या ट्रकमध्ये, डबीच्या रुपयाएवढ्या स्पीकरमधून ‘सीधे’ एवढंच ऐकू आलं तर? विद्यार्थ्याने पहिल्याच दिवशी विचारलं, “सर, सीधे बोले तो किधर? सामने का हात कू?” उर्दूचं ‘दाएँ-बाएँ’ भरून पाहिलं. पुस्तकात ते स्वच्छ आहे, पण दोन्हींचा शेवट सारखा, गोंगाटात एकच ऐकू येतं. मराठीचं ‘डावीकडे-उजवीकडे’ही तसंच, शेपूट एकच. शेवटी शब्दांची लांबीच वेगळी ठेवली. डावीकडच्या वळणाला तुटक ‘डावं घे’. उजवीकडच्याला लांबवून ‘उजव्या अंगाला घे’. सरळला ‘चलने दो’. व्याकरणाच्या तासाला मी अशी खिचडी खपवून घेणार नाही, पण गाडीत तिच्यावाचून चाललं नाही.

यंत्र मराठीत बोलवताना एकेरी की अहोजाहो, हाही प्रश्न आला. मी ‘घ्या’ भरलं होतं. त्याने ‘घे’ करून मागितलं. क्लीनर मालकाला ‘घ्या’ म्हणतो, आणि क्लीनरचं ऐकायची त्याला सवय नाही, असं त्याचं म्हणणं.

गावांच्या नावांचं काम अजून नाजूक. जुन्या यंत्रात आपल्या जागा भरायची सोय असते. साधी यादी. गार्मिनच्या पद्धतीत आधी रेखांश, मग अक्षांश, मग नाव. आपण बोलताना अक्षांश आधी म्हणतो, यंत्राला तो नंतर लागतो. आमचं गाव अठरा आणि एकोणीस अंशांच्या मधे आणि रेखांश शहात्तरच्या पुढे. उलटं लिहिलं तर गाव आर्क्टिकच्या बर्फात जातं. यादीत तांडे, वस्त्या, कारखान्यांचे गेट, उसाच्या ट्रकला वळता येईल असे फाटे, रात्री पाणी मिळेल असा हापसा, हे सगळं भरलं. नकाशा करणाऱ्यांना ही ठिकाणं दिसली नव्हती. आणि आमचा किल्ला, ज्याच्या भिंतींत कोरीव दगड बसवलेले आहेत, आणि केदारेश्वर. दोन्हींसाठी छोटी चित्रंही केली.

नावं मात्र कुठली द्यायची? अंबाजोगाई निझामाच्या काळात मोमिनाबाद होतं. तिथे हैदराबाद कंटिंजंटच्या घोडदळाची छावणी होती, आणि स्वामी रामानंद तीर्थांनी त्याच मोमिनाबादेत शाळा चालवली. जुन्या इंग्रजी गॅझेटियरमध्ये बीडचं स्पेलिंगही आज ओळखू येणार नाही असं आहे, ‘भीर’. माझी डबी औरंगाबाद, उस्मानाबाद दाखवते. फोन २०२३ नंतर छत्रपती संभाजीनगर, धाराशिव दाखवतो. यावर वाद घालणारे घालोत. सरकारी नाव सरकारी कागदावर असावं, यात मला अडचण दिसत नाही. पण नाव पुसलं की जुना कागद मुका होतो. २०२३ मध्ये मराठवाड्यातल्या निझामकालीन कुणबी नोंदी शोधताना मोडी आणि उर्दू वाचणाऱ्यांची शोधाशोध झाली, ती याच मुक्या कागदांमुळे. यादीत मी दोन्ही नावं ठेवली आहेत. एकाच ठिपक्यावर दोन ओळी. म्हातारा माणूस मोमिनाबाद म्हणाला तरी सापडतं, पोरगा अंबाजोगाई म्हणाला तरी सापडतं. फोनमध्ये अशी दुसरी ओळ सगळ्यांना दिसेल अशी लिहायची मुभा तुम्हाला-मला नाही.

फोनची भाषा मराठी करता येते, हे खरं. ती चांगलीही आहे. पण ‘रीकॅल्क्युलेटिंग’ला काय म्हणायचं हे दुसऱ्याने ठरवलेलं असतं आणि त्यात शब्दही हलवता येत नाही. शिवाय बालाघाटाच्या वळणांवर नेटवर्क गेलं, की फोन आधी उतरवून ठेवलेल्या नकाशावरच चालतो. डबीला नेटवर्क माहीतच नाही.

डबी मात्र म्हातारी झाली. जीपीएसची घड्याळं आठवडे मोजतात आणि जुन्या यंत्रांत १०२४ आठवडे झाले की मोजणी शून्यावर येते. अशी वेळ ऑगस्ट १९९९ मध्ये आली आणि पुन्हा ६ एप्रिल २०१९ च्या रात्री. ज्या यंत्रांची सॉफ्टवेअर जुनी राहिली त्यांची तारीख साडेएकोणीस वर्षं मागे गेली. जागा बरोबर, तारीख चूक. माझी डबी त्यांतलीच. रमजानमध्ये तिच्या तारखेवर कुणी भरवसा ठेवू नये, एवढंच. दिशा अजून नीट सांगते.

या हंगामात विद्यार्थ्याने कार्ड परत आणून दिलं. कागदावर अकरा नवी ठिकाणं लिहिली होती, उर्दूत, पेन्सिलीने. त्यांतल्या दोन कारखान्यांचे गेट बदलले आहेत, आणि एका हापशाच्या नावापुढे ‘सूख गया’ लिहिलं आहे. ते या रविवारी यादीतून काढायचं आहे.